घंटा मी देते, पगारबिलही मीच करते

काका,

मी सातारा जिल्ह्यातल्या एका अनुदानित माध्यमिक शाळेत शिपाई आहे. माझे यजमान तिथेच शिपाई होते. ते गेल्यावर २००९ मध्ये मी अनुकंपावर लागले, तेव्हा बारावी झाले होते. नंतर मुक्त विद्यापीठातून बी.ए. केलं, मराठी तीस आणि इंग्रजी चाळीसचं टायपिंग केलं, एमएस-सीआयटीही केलं. २०१८ मध्ये आमचे लिपिक भाऊसाहेब निवृत्त झाले, तेव्हापासून ऑफिस मीच बघते. सकाळी साडेदहाची घंटा मी देते आणि अकरा वाजता शालार्थवर सगळ्यांचं पगारबिल मीच भरते. दाखले, जनरल रजिस्टर, यू-डायस, संचमान्यतेची म्हणजे मंजूर पदांची माहिती, सगळं माझ्या हातून जातं. पगारपत्रकावर मात्र 'शिपाई'च. गेल्या रविवारी संस्थेच्या सभेत कनिष्ठ लिपिकाच्या जागेवर माझ्यानंतर, २०११ मध्ये लागलेल्या शिपायाला बढती द्यायचा ठराव झाला. ते सचिवांचे भाचे. मुख्याध्यापक म्हणतात, "तुम्ही एक कागद द्या, घरच्या अडचणीमुळे पदोन्नती नको म्हणून, म्हणजे विषय मिटेल." २०१८ मध्येही माझ्याकडून लिहून घेतलं होतं की मी स्वखुशीने ऑफिसात मदत करते, जादा मोबदला मागणार नाही. शिक्षकेतरांची ज्येष्ठता यादी मी कधी पाहिलेलीच नाही. मी साधी शिपाई, शिक्षकांसारखं मला कोण विचारणार. आता मला काही हक्क उरलाय का? भांडले तर नोकरी राहील का? आमच्याच संस्थेच्या विनाअनुदानित इंग्रजी शाळेतली एक मैत्रीणही विचारते आहे, तिला तर रोखीत पगार देतात.

— एक शिक्षकेतर भगिनी

ताई,

तुमचं पत्र बुधवारी मिळालं आणि मी ते दोनदा वाचलं. बाकी सगळं नंतर, आधी तो कागद. 'पदोन्नती नको' यावर सही करू नका. उद्या पुन्हा केबिनमध्ये बोलावलं, समोर पेन ठेवलं, गोड बोलले किंवा चढ्या आवाजात बोलले, तरी एवढंच म्हणा, "सर, मला विचार करून लेखी उत्तर द्यायचं आहे." आणि बाहेर या. त्या एका सहीने आजची लिपिकाची जागा तर जाईलच, पण पुढचीही एक वाट बंद होऊ शकते. आपल्याकडे बढतीची जागाच नसेल तर ठरावीक वर्षांनी वरची वेतनश्रेणी मिळते, ती आश्वासित प्रगती योजना तुम्हाला माहीत असेल. तिचा पायाच असा आहे की माणूस जागेअभावी कुजतोय म्हणून त्याला लाभ द्यायचा. ज्याने स्वतःच बढती नाकारली त्याला तो लाभ कशाला, असं ती योजनाच विचारते. पुढच्या वर्षी वेतन पथकात, म्हणजे पगारबिलं तपासणाऱ्या कार्यालयात, तुमचं सेवापुस्तक उघडलं की तो कागद पहिल्यांदा निघेल.

आता हक्काचं बोलू. तुमच्या पत्रात एक वाक्य आहे, 'मी साधी शिपाई, शिक्षकांसारखं मला कोण विचारणार.' ज्या कायद्याने तुमच्या शाळेतल्या गणिताच्या सरांची नोकरी सुरक्षित आहे, त्याच कायद्याने तुमची आहे. महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ आणि त्याखालची १९८१ ची नियमावली. त्यात 'कर्मचारी' या शब्दाची व्याख्या आहे, आणि तीत शिक्षक आणि शिक्षकेतर दोघेही येतात. तुमच्या शाळेत या नियमावलीचं पुस्तक ऑफिसच्याच कपाटात असेल. किल्ली तुमच्याकडे आहे, ते काढा आणि दोन ठिकाणी खूण घाला.

एक खूण नियम १२ वर. संस्थेने शिक्षकांची आणि शिक्षकेतरांची ज्येष्ठता यादी अनुसूची 'फ'प्रमाणे करायची, ती सगळ्यांना दाखवून त्यावर सह्या घ्यायच्या, हरकती आल्या तर त्यांचा विचार करायचा आणि वाद राहिला तर तो शिक्षणाधिकाऱ्यांनी मिटवायचा, असं तिथे लिहिलं आहे. तुम्ही लिहिता की अशी यादी तुम्ही पाहिलेलीच नाही. पुष्कळ शाळांत हेच चालतं. शिक्षकांची यादी निघते, कारण मुख्याध्यापकपदाची भांडणं मोठी असतात. शिक्षकेतरांची यादी कुणी मागत नाही म्हणून कुणी करत नाही. तुम्ही मागा, लेखी.

दुसरी खूण अधिनियमाच्या कलम ९ वर. बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती यांविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं हे बहुतेकांना ठाऊक असतं. त्याच कलमात आणखी एक गोष्ट आहे, जी शिक्षकेतरांपर्यंत पोहोचतच नाही. पदोन्नतीने नेमणूक करताना व्यवस्थापनाने ज्याला डावललं, त्यालाही अपिलाचा हक्क आहे. तुमचं प्रकरण नेमकं हेच आहे. तुम्ही २००९ च्या, ते २०११ चे. पात्रता तुमच्याकडे आहे आणि काम तर तुम्ही सात-आठ वर्षं करून दाखवलं आहे.

या कलमात मुदत ३० दिवसांची आहे, आणि आदेश हातात पडल्यापासून ती मोजतात. डावलल्याचा आदेश काही तुमच्या हातात कुणी आणून देणार नाही, तो निघेल भाच्याच्या नावाने. म्हणून ज्या दिवशी त्यांना लिपिकपदाचा आदेश मिळाल्याचं तुम्हाला कळेल, तो पहिला दिवस धरा आणि ३० च्या आत वकिलांकडून अपील दाखल होऊ द्या. उशीर सबळ कारणाने माफ होतो, पण त्यावर विसंबू नका. 'बघू, दिवाळीनंतर भेटू सचिवांना' असं म्हणत म्हणत कितीतरी जणांची मुदत उलटलेली मी पाहिली आहे.

बढती मिळालीच पाहिजे असा हक्क कायदा कुणालाच देत नाही, हे मी तुम्हाला सरळ सांगतो. कायदा हक्क देतो तो विचार होण्याचा, नियमाप्रमाणे, ज्येष्ठता आणि पात्रता बघून. ते म्हणतील की बिंदुनामावलीत, म्हणजे आरक्षणाच्या तक्त्यात, जागा अमुक प्रवर्गाची आहे, किंवा तुमचा गोपनीय अहवाल बरा नाही. म्हणूद्या. मग बिंदुनामावलीची नोंदवही आणि तुमच्या अहवालाच्या प्रती लेखी मागा. प्रतिकूल शेरा असेल तर तो तुम्हाला वेळच्या वेळी कळवायला हवा होता. आज अचानक काढलेला जुना शेरा न्यायाधिकरणापुढे टिकवणं त्यांना जड जाईल.

संस्था असं का वागते, याचं नात्यापलीकडेही एक कारण आहे, आणि ते तुम्हाला ठाऊक असावं. शासनाने ११ डिसेंबर २०२० च्या निर्णयाने शाळांतली चतुर्थश्रेणीची पदं रिक्त होतील तशी संपवून त्या जागी 'शिपाई भत्ता' आणला. मुंबई-पुण्यात महिना १०,०००, इतर महापालिकांच्या हद्दीत ७,५०० आणि ग्रामीण भागात ५,००० रुपये. म्हणजे आज एखाद्या शिपायाला लिपिक केलं की शाळेची पूर्ण पगाराची एक जागा जाते आणि हाती राहतात पाच हजार. त्यात घंटा, झाडलोट, पाणी, टपाल करणारा माणूस कुठून मिळणार? म्हणून 'शिपाई शिपाईच राहू दे आणि लिपिकाचं कामही त्यानेच करावं' ही व्यवस्था गावोगाव रुजली आहे. संस्थांची अडचण खरी आहे, मी नाकारत नाही. पण शासनाने काढलेल्या जागेची किंमत तुमच्या पगारातून का वसूल व्हावी? आणि तुमच्या शाळेत तर हेही कारण सांगता येणार नाही. भाच्यांना बढती दिली तरी शिपायाची एक जागा जाणारच आहे.

आता समान कामाला समान वेतन. हे शब्द आपण मोर्चात ऐकतो, म्हणून ती नुसती घोषणा वाटते. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९ मध्ये ते तत्त्व आहे, आणि रणधीर सिंग खटल्यात १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते अनुच्छेद १४ आणि १६ च्या समानतेशी जोडून घेतलं. २६ ऑक्टोबर २०१६ ला पंजाब राज्य विरुद्ध जगजीत सिंग या निकालात हंगामी कर्मचाऱ्यांनाही, कायम माणसाइतकंच काम करत असतील तर, त्या पदाच्या वेतनश्रेणीचा किमान पगार द्यावा असं सांगितलं. पण त्याच निकालात हेही आहे की काम तेच आहे, जबाबदारी तीच आहे, हे दाखवण्याचा भार मागणाऱ्यावर. नुसतं 'मीच सगळं करते' म्हणून भागत नाही.

तुमच्या जवळचे निकाल दुसरे दोन आहेत, दोन्ही १९९८ चे. पोर्ट ब्लेअरचा एक प्राथमिक शिक्षक, त्याच्याकडे शिक्षण खात्यातल्या स्काउट सचिवपदाचं काम दिलं. पद वरचं, पगार मात्र शिक्षकाचाच. त्याला बढती मिळालेली नव्हती आणि ते न्यायालयानेही मान्य केलं, तरी जितके दिवस त्या पदाचं काम केलं तितक्या दिवसांचा त्या पदाचा पगार द्या, असा निकाल झाला. त्याच्या हातात काम सोपवल्याचा लेखी आदेश होता, हे लक्षात ठेवा. दुसरा चंदीगडचा, हरी ओम शर्मा यांचा. त्यांच्याकडून वरच्या पदावर काम करताना लिहून घेतलं होतं की ना बढती मागेन, ना जादा पगार. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, असं लिहून घेणं कायद्याच्या आणि लोकहिताच्या विरुद्ध आहे, ते बंधनकारक नाही. तुमच्या २०१८ च्या कागदाचं ओझं डोक्यावरून उतरवा. उलट तो कागद जपून ठेवा. 'ऑफिसात मदत करते' हे त्यांच्याच लेटरहेडवर, त्यांच्याच तारखेने लिहिलेलं आहे. काम तुम्ही करत होता, याचा तो पहिला पुरावा आहे.

रकमेचा अंदाज घ्या. सातव्या वेतन आयोगात शिपायाची श्रेणी १५,००० पासून ४७,६०० पर्यंत आणि कनिष्ठ लिपिकाची १९,९०० पासून ६३,२०० पर्यंत. सुरुवातीलाच मूळ वेतनात ४,९०० चा फरक. त्यावर महागाई भत्ता आणि घरभाडे. तुम्ही १ नोव्हेंबर २००५ नंतरच्या, म्हणजे जुनी पेन्शन नाही, त्यामुळे पगाराच्या प्रमाणात जे खात्यात जमा होतं त्यावर म्हातारपण बरंच अवलंबून. थकबाकीबद्दल मात्र खोटी आशा दाखवणार नाही. पगाराच्या अशा दाव्यात न्यायालयं साधारणपणे याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांचीच थकबाकी देतात. तरसेम सिंग प्रकरणातल्या २००८ च्या निकालापासून हेच धोरण आहे. २०१८ पासूनची पहिली वर्षं त्यात बहुधा गेली. थांबाल तितके महिने मागून गळत जातील.

हे लिहिताना मला माझीच वर्षं आठवतात. मीही कनिष्ठ लिपिक म्हणून लागलो. आमचे मुख्य लिपिक आजारी पडले ते परत आलेच नाहीत, आणि त्यांच्या टेबलावर मी सहा वर्षं बसलो. संस्थेने 'चार्ज घ्या' एवढं तोंडी सांगितलं. मला ते मानाचं वाटलं, आदेश मागावा हे सुचलंच नाही. निवृत्तीची कागदं करताना सेवापुस्तकात त्या सहा वर्षांसमोर एक ओळही नव्हती. माझ्या हस्ताक्षरातली रजिस्टरं होती, माझ्या हाताने झालेली ऑडिटं होती, आणि सेवापुस्तकात मी त्या काळात कुठेच नव्हतो. पानं उलटताना पोटात कालवलं, ते अजून विसरलो नाही. तुमचं तसं होऊ नये म्हणून एवढं सविस्तर लिहितो आहे.

म्हणून या आठवड्यात काम कागदावर आणायला लागा. तुमच्याकडे काय काय आहे ते आठवा. तुमच्या अक्षरातल्या जनरल रजिस्टरच्या नोंदी, आवक-जावक वही, वेतन पथकात बिल घेऊन गेल्याच्या तारखा, 'कार्यालयीन कामासाठी' म्हणून तुम्हाला पंचायत समितीत किंवा शिक्षणाधिकारी कार्यालयात पाठवल्याची पत्रं, प्रशिक्षणाला 'लिपिक' म्हणून नाव पाठवलं असेल तर तो आदेश, मुख्याध्यापकांचे रात्री नऊला आलेले व्हॉट्सॲप संदेश की 'ताई, उद्या माहिती पाठवायची शेवटची तारीख आहे'. हे सगळं तारखेवार एका वहीत उतरवा. पण एक कळकळीने सांगतो, शाळेचं एकही मूळ रजिस्टर घरी नेऊ नका आणि मुलांच्या माहितीची पानं फोनमध्ये घेऊ नका. उद्या तुमच्यावरच चोरीचा आळ घालतील. कोणत्या वहीत, कोणत्या पानापासून कोणत्या पानापर्यंत तुमचं अक्षर आहे, एवढं टिपून ठेवलं तरी पुढे ती वही हजर करायला सांगता येते. दुय्यम सेवापुस्तक तुमच्याकडे नसेल तर तेही मागा, आणि त्यात १२ वर्षांच्या सेवेनंतरचा आश्वासित प्रगतीचा लाभ नोंदला आहे का ते पाहा. २०२१ मध्येच ती तारीख येऊन गेली.

मग अर्ज. लांबलचक नको, कुणावर आरोप नको, सचिवांच्या नात्याचा उल्लेखही नको. विषय, 'कनिष्ठ लिपिक पदावरील पदोन्नतीसाठी विचार होणेबाबत'. मजकुरात लिहा, 'मी दिनांक अमुकपासून शिपाई पदावर कायम सेवेत आहे. माझी शैक्षणिक अर्हता पुढीलप्रमाणे आहे. २०१८ पासून कनिष्ठ लिपिक पदाचे कामकाज माझ्याकडून करून घेतले जात आहे. दिनांक अमुकच्या सभेत सदर पदावर माझ्यापेक्षा सेवाकनिष्ठ कर्मचाऱ्यास पदोन्नती देण्याचा ठराव झाल्याचे समजते. नियम १२ नुसार ज्येष्ठता यादीची प्रत मिळावी, सेवाज्येष्ठता व अर्हतेनुसार माझा विचार व्हावा, तसेच केलेल्या कामाच्या कालावधीतील वेतनफरक मिळावा.' एक प्रत मुख्याध्यापकांना, एक संस्थेच्या सचिवांना, एक शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांना. आवक क्रमांक आणि शिक्क्यासह पोहोच घ्या. शाळेत आवक वही तुमच्याच टेबलावर असली तरी स्वतःच्या अर्जाची नोंद स्वतः करू नका, मुख्याध्यापकांच्या सहीनेच घ्या. घेत नसतील तर पोस्टाने रजिस्टर एडी.

शिक्षणाधिकाऱ्यांची प्रत सर्वांत महत्त्वाची. अनुदानित शाळेत नुसत्या ठरावाने पगार सुरू होत नाही, पदोन्नतीला त्यांची मान्यता लागते. मान्यतेचा प्रस्ताव त्यांच्या टेबलावर पोहोचण्याआधी तुमची हरकत फाइलला लागलेली हवी. शिवाय संचमान्यतेत लिपिकाचं पद मंजूर आहे का ते माहिती अधिकारात विचारून घ्या, अर्जाला दहा रुपये, उत्तराला तीस दिवस. पद मंजूर असेल तर पगाराचा प्रश्न शासनाच्या अनुदानाचा, नसेल तर काम करून घेणाऱ्या संस्थेचा. तुमचा दावा कुणाकडे जाणार, ते या एका उत्तरावर ठरेल. वेतनफरकासाठी पुढे उच्च न्यायालयात जावं लागलं तर आता मुंबईला खेटे नकोत, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच बसतं आणि सातारा जिल्हा त्यात आहे.

नोकरीची भीती. तुम्ही कायम आहात. चौकशीशिवाय तुम्हाला कुणी काढू शकत नाही, आणि ती चौकशीही नियमावलीप्रमाणेच व्हावी लागते. समितीत संस्थेचा एक, तुम्ही निवडलेला एक कर्मचारी आणि पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतला एक, असे तिघे असतात. अर्ज केला म्हणून शिस्तभंग होत नाही. त्रास होईल तो दुसऱ्या तऱ्हेचा, रजा अडवणं, दिवसभर उन्हात गेटवर उभं करणं, चार लोकांत टाकून बोलणं. ऑफिसचं काम काढूनही घेतील. घेऊ द्या, पण लेखी मागा. 'आजपासून लिपिकाचं काम करू नये' असा कागद दिला तर कालपर्यंत तुम्ही ते करत होता हे त्यांनीच लिहून दिलं. तोंडी सांगितलं तर त्याच दिवशी 'आपल्या तोंडी सूचनेनुसार' असं पत्र देऊन किल्ल्या आणि पासवर्ड पंचनामा करून सोपवा. एकट्या राहू नका. जिल्ह्याच्या शिक्षकेतर संघटनेत जा, वर्गणी भरली नसेल तर भरा आणि अर्जाची एक प्रत त्यांच्याकडे ठेवा.

तुमच्या मैत्रिणीला सांगा, 'विनाअनुदानित म्हणजे कायदा नाही' हे तिला खोटं सांगितलं आहे. कलम ३ म्हणतं, अनुदान मिळो वा न मिळो, हा अधिनियम खाजगी शाळांना लागू. तिने आधी नेमणुकीचा आदेश आणि हजेरीची नोंद जमवावी, आणि पगार बँकेत देण्याची लेखी मागणी करावी, कारण रोखीच्या पगाराचा माग राहत नाही. उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, दहा किंवा जास्त कर्मचारी असलेल्या शैक्षणिक संस्थांना १९९७ च्या अधिसूचनेपासून लागू आहे, तेव्हा पाच वर्षं भरली असतील तर सोडून जाताना रिकाम्या हाताने जायचं नाही. तिचं प्रकरण तुमच्याहून वेगळं आहे, तिने सविस्तर लिहिलं तर वेगळं उत्तर देईन.

तुमचा अर्ज या शनिवारच्या आत जाऊ द्या, सोमवारी सकाळी पोहोच पाहिजे. आणि त्या आदेशाची तारीख कळली की त्याच दिवशी मला कळवा, तीस दिवस आपण दोघं मिळून मोजू.

— तुमचा काका